शनिवारच्या फिल्मवरून

बी-४०२ काका: नोटीस वाचली. महिला दिनाला क्लबहाऊसमध्ये संडासावरची डॉक्युमेंटरी?? मागच्या वर्षी भेंड्या किती छान रंगल्या होत्या

ए-१०१ (कल्चरल): काका नमस्कार 🙏 पारोमिता व्होरांची 'क्यूटूपी' आहे, २००६ ची. मुंबईचं शांघाय करायचं चाललेलं ना, तेव्हाची. शहरात लघवीसाठी रांगेत कोण उभं राहतं आणि कोणाला उभं राहावंच लागत नाही, ते कॅमेरा घेऊन शोधलंय. आधी बघा तरी

सी-३०४: निवड उत्तम. केबिनमागच्या टॉयलेटचं कुलूप कधी निघणार?

सेक्रेटरी: मॅडम, तो विषय एजीएमला झालाय.

बी-४०२ काका: जेवायच्या वेळी असले विषय नकोत एवढंच म्हणणं

डी-७०३: शो ६ ला आहे काका, ६ ला कोण जेवतं 😄

बी-४०२ काका: मी जेवतो. शुगर आहे.

ए-२०५ काकू: 🌹 शुभ सकाळ 🌹

डी-७०३: काकू साडेबारा वाजले

बी-२०१: पण २००६ ची फिल्म आत्ता कशाला, आता झालीत की सगळीकडे टॉयलेट

ए-१०१ (कल्चरल): कुठे झालीत दादा? पुरुषांना मुतारी फुकट आणि बायकांकडून पैसे, यावरूनच २०११ ला राइट टू पी मोहीम उभी राहिली मुंबईत. मी स्वतः ऑफिसला निघताना पाणी पीत नाही, सवयच लागलीय

सी-३०४: केबिनमागचं कुलूप.

डी-७०३: रांगेचा विषय निघालाच आहे तर ७०१ ची गाडी परत माझ्या जागेत

डी-७०१: ५ मिनिटं लावली होती

डी-७०३: पाऊण तास. फोटो टाकू?

सेक्रेटरी: कृपया विषयाला धरून बोला. कुलूप चोरीमुळे आहे, २ नळ गेले होते.

बी-२०१: ते नळ बदलायला प्लंबरनेच काढलेले ना, मीच बिलावर सही केली

सी-३०४: मग ऐका. झाडूवाल्या मावशी ७ ला येतात, ४ विंगचे जिने पुसतात, ३ ला जातात, आणि मधे पार त्या पेट्रोल पंपावर जातात. तिथला माणूस रोज सोडतोच असं नाही. आणि आपल्या घरी कामाला येणाऱ्या ताईंना कोण कोण स्वतःचं बाथरूम वापरू देतं तेही सांगा. घासायला चालतं आपल्याला, वापरायला नाही

बी-४०२ काका: हा मेसेज हटवला आहे

ए-२०५ काकू: आमच्याकडे वापरते हो ती. पण सूनबाईंना आवडत नाही, म्हणून त्या ऑफिसला गेल्यावर

डी-७०३: काकू सूनबाई याच ग्रुपवर आहेत 🙈

सेक्रेटरी: चावी माझ्याकडेच आहे पण मी गावाला आलोय. सोमवारी बघू.

सी-३०४: म्हणजे शनिवारी आपण फिल्म बघणार आणि टॉयलेट बंद. कुलूपवाल्याला बोलावते, पैसे माझे.

सेक्रेटरी: मॅडम असं परस्पर करता येत नाही, ठराव लागतो

बी-४०२ काका: ठराव कुलूप लावताना कुठे केला होता? बोलवा त्याला. आणि शो ७ ला ठेवा, जेवून येतो