याचिका मागे घ्यायची मुभा द्यावी की सरळ फेटाळावी?

उलटतपासणी:
मार्च २०२१ आठवा. तेव्हाचे राज्याचे गृहमंत्री अनिल देशमुखांवरच्या आरोपांची सीबीआय चौकशी व्हावी म्हणून मुंबईचे माजी पोलीस आयुक्त परमबीर सिंग थेट सर्वोच्च न्यायालयात गेले. विषय गंभीर आहे असं न्यायालय म्हणालं, पण आधी उच्च न्यायालयात का गेला नाहीत, असंही विचारलं. झालं, याचिका मागे आणि गाडी मुंबई उच्च न्यायालयाकडे.
माझं म्हणणं, अशी मुभा देऊच नये. खंडपीठाचा कल चाचपायचा, वारं उलटं दिसलं की वकीलसाहेब उठून 'मागे घेतो' म्हणणार. विरुद्ध निकालाची नोंदच राहत नाही!

कारकून_नाना:
अहो, पण दार चुकलं म्हणून मूळ तक्रारच खोटी ठरवायची? गुणदोषांवर, म्हणजे मूळ तक्रार तपासून, फेटाळली तर तोच निकाल पुढे प्रत्येक ठिकाणी आडवा येतो. आणि तुमच्याच उदाहरणात ५ एप्रिलला उच्च न्यायालयाने सीबीआयला १५ दिवसांत प्राथमिक चौकशी करायला सांगितली, देशमुखांनी त्याच दिवशी राजीनामा दिला. वाट बदलल्याने काम झालंच ना?

उलटतपासणी:
नाना, तो आदेश दुसऱ्या एका याचिकेवर होता. सिंगांना तर उच्च न्यायालयाने 'एफआयआर कुठे आहे?' असं सुनावलं होतं.

मुदतबाह्य:
दोघेही मागे घेणं फुकट असल्यासारखं बोलताय. सरगुजा ट्रान्सपोर्टच्या १९८६ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की नव्याने येण्याची मुभा न घेता रिट याचिका (सरकारी कृतीविरुद्धची) मागे घेतली, तर त्याच कारणासाठी राज्यघटनेच्या अनुच्छेद २२६ खाली पुन्हा उच्च न्यायालयात येता येत नाही. दिवाणी दावा किंवा अनुच्छेद ३२ चा, म्हणजे मूलभूत हक्कांसाठी थेट सर्वोच्च न्यायालयाचा, मार्ग तेवढ्याने बंद होत नाही, हे खरं. म्हणून आदेशात मुभेची ओळ आली की नाही, हे वकिलाने तिथेच उभं राहून बघायचं असतं. बरेचजण घरी जाऊन बघतात.
दिवाणी दाव्यात आणखी एक मेख. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या आदेश २३ नियम १ खाली नव्या दाव्याची मुभा मिळाली तरी नियम २ म्हणतो, दावा दाखल करायची मुदत मोजताना पहिला दावा केलाच नव्हता असं धरा. मुदत कायद्याचं कलम १४ चुकीच्या न्यायालयात गेलेला काळ वगळतं, पण प्रामाणिकपणे आणि तत्परतेने दावा चालवला असेल आणि अडचण अधिकारक्षेत्राची किंवा तशाच प्रकारची असेल, तरच. कल बघायला गेलेल्याला ही सवलत नाही.

ताबापावती:
सगळी चर्चा बड्यांभोवतीच फिरतेय. रेरा, म्हणजे बांधकाम व्यवसायावर नियंत्रण ठेवणारा कायदा, आला तेव्हा ग्राहक मंचात अडकलेल्या घरखरेदीदारांना कलम ७१ ने स्वतःच सांगितलं, मंचाची परवानगी घ्या, तक्रार मागे घ्या आणि हवं तर रेराच्या न्यायनिर्णय अधिकाऱ्याकडे (भरपाई ठरवणाऱ्याकडे) या. त्यांनीही कल चाचपला म्हणायचं का?

उलटतपासणी:
तिथे वाट कायद्यानेच नवी काढली, ते वेगळं. मी बोलतोय ती वाट आधीपासून माहीत असूनही वरच्या न्यायालयात उडी मारणाऱ्यांबद्दल. ठीक आहे, फेटाळू नका, पण मागे घेताना समोरच्याचा खर्च भरायला लावा.

ताबापावती:
लावा की. ज्याच्याकडे पैसा आहे तो भरून हसत बाहेर पडेल. सरकारी आदेशाने नोकरी गेलेला माणूस, वकिलाने चुकीच्या ठिकाणी नेलं म्हणून, तो खर्च कुठून आणणार?

कारकून_नाना:
खर्च वकिलाकडून वसूल करा. मग बघा किती याचिका पहिल्याच फटक्यात योग्य दारी जातात ते.