पडद्यावर देनव्ह, गळा आन जर्मँचा: अन्याय झाला की नाही?

सांजरंग:
फ्रेंच दिग्दर्शक जाक दमीचे म्युझिकल बघितलेले इथे बरेच जण आहेत म्हणून विषय काढतो. १९६७ चा 'ले दमोआझेल द रोशफोर' घ्या नाहीतर १९७० चा 'पो दान', दोन्हीत नायिका कॅथरीन देनव्ह गाताना दिसते आणि आवाज पार्श्वगायिका आन जर्मँचा. जर्मँ २०१६ मध्ये गेली, आजही तिचं नाव किती जणांना माहितीये? माझ्या मते हा सरळ अन्याय आहे. गाणी आधी रेकॉर्ड व्हायची, मग सेटवर तीच लावून नटनट्या ओठ हलवायच्या, म्हणजे श्वास कुठे, कुठला शब्द लाडात घ्यायचा हे सगळं जर्मँनं आधीच ठरवलेलं, अर्धी भूमिका तिचीच की!

खडीसाखर:
असहमत. हिरॉइन व्हायला आली आणि डावलली गेली असं तिचं काही झालेलं नाही. स्विंगल सिंगर्स या गायकांच्या गटात बाखच्या रचना शब्दांशिवाय गाणारी, स्टुडिओत मुरलेली गायिका होती ती, तिचं काम तिला पक्कं माहीत होतं. आणि 'रोशफोर'मध्ये दानिएल दारियू सोडली तर बड्या कलाकारांपैकी कोणीच स्वतः गायलेलं नाही, जीन केलीची फ्रेंच गाणीसुद्धा दुसऱ्यानं म्हटलीत. संगीतकार मिशेल लग्राँच्या चाली ऐका, पट्टी कुठून कुठे जाते, नटनट्यांना झेपल्या असत्या का?

सांजरंग:
झेपल्या नसत्या म्हणूनच तर म्हणतोय! ज्याच्यावाचून सिनेमा उभाच राहत नाही त्याचं नाव लोकांच्या तोंडी नको? आपल्याकडे १९४९ मध्ये 'महल'च्या रेकॉर्डवर लताबाईंऐवजी 'कामिनी' हे पात्राचं नाव छापलं होतं, पण १९५९ पर्यंत फिल्मफेअरला पार्श्वगायनाचं बक्षीस सुरू करावं लागलं. फ्रान्समध्ये तसं कोणी भांडलंच नाही.

उंबरठा_७:
दोघांचंही थोडं पटतं, पण दानिएल लिकारीला विसरू नका. दमीच्याच १९६४ च्या 'शेर्बुर'मध्ये देनव्हचा आवाज ती होती, अख्खा सिनेमा गाण्यात, कान चित्रपट महोत्सवाचं सर्वोच्च बक्षीस मिळालं, तरी तिचं नाव लोकांपर्यंत पोचलं ते १९६९ मध्ये संगीतकार सें-प्रचं 'कोन्सेर्तो पूर यून व्हुआ' गायली तेव्हा. जर्मँची तशी गाजलेली रेकॉर्ड मला तरी माहीत नाही. पण सत्तरच्या दशकातल्या फ्रेंच पोरांना 'लील ओ झांफां' या टीव्हीवरच्या मुलांच्या कार्यक्रमाचं शीर्षकगीत पाठ असतं, ते तिनंच गायलंय.

खडीसाखर:
बघा, म्हणजे घराघरात पोचली ती. आणि 'रोशफोर'मधलं जुळ्या बहिणींचं गाणं आठवा, पडद्यावर देनव्ह आणि तिची सख्खी बहीण फ्रांस्वाझ दोर्लेआक, गळे जर्मँ आणि क्लोद पारांचे, पण मला तरी ऐकताना दोन बहिणीच ऐकू येतात. गायिका मधेच जाणवली असती तर मजा गेली असती. हे तिचं यशच आहे, अन्याय कसला.

सांजरंग:
यश तर आहेच, त्याचं श्रेय कुणाच्या खात्यात गेलं एवढाच प्रश्न आहे. देनव्ह स्वतःही गायलीये, १९८१ ची गायक-संगीतकार गेन्सबूरबरोबरची रेकॉर्ड आहे, २००२ चा 'विट फाम' हा सिनेमा आहे. छानच गाते, पण फार वेगळी. ते आणि 'रोशफोर' लागोपाठ ऐका आणि मग सांगा ती भूमिका एकटीची होती का.