इंडोनेशियात शिकलेले कोण कोण आहेत? कोस, कॉफी, मोबाईल, सगळं सांगा

बालीचे फोटो सगळ्यांनी बघितलेत, ते नकोत. जोग्जा (म्हणजे योग्याकार्ता), बांडुंग, मलांग, कुठेही तिथल्या कॉलेजच्या पोरांत राहिलेल्यांनी लिहा. मीच सुरू करते.

इंडोनेशिया सरकारच्या दर्मासिस्वा स्कॉलरशिपवर योग्याकार्ताला होते, गामेलान म्हणजे तिथलं पारंपरिक वाद्यवृंदाचं संगीत शिकायला. राहायला कोस, म्हणजे एखाद्या बाईंच्या आवारात ओळीने खोल्या, मुलींचा कोस वेगळा आणि रात्री दहाला गेटला कुलूप. मग ग्रुपवर "कुणी जागं आहे का, गेट उघडा ना" सुरू, आणि इबू कोस म्हणजे घरमालकीणबाई पण त्याच ग्रुपमध्ये!! पाण्याचा १९ लिटरचा गॅलन, म्हणजे जार, पण व्हॉट्सॲपवरच मागवायचा, नळाचं कोणी पीत नाही. संध्याकाळी आंगक्रिंगान. हातगाडी, वर ताडपत्री, कोळशाची शेगडी, कागदाच्या पुडीत मूठभर भात नि त्यावर नखाएवढा मासा आणि सांबल म्हणजे मिरचीची चटणी, दोन-तीन पुड्यांशिवाय पोट भरत नाही. एका गोड चहावर तीन तास बसलं तरी गाडीवाला काही बोलत नाही. पैसे द्यायला 'क्रिस'चा क्यूआर चिकटवलेला, आपल्या यूपीआयसारखं कुठलंही ॲप चालतं, २०१९ मध्ये आणलं त्यांनी. पार्किंगवाल्या काकांना मात्र २००० रुपियाची नोटच लागायची.

बांडुंगवाला:
ग्रुपचं तर विचारूच नका. सर फक्त "उद्या लेक्चर नाही" टाकणार आणि खाली अख्ख्या वर्गाचं ओळीने "बाइक पाक, तरिमा कासिह", म्हणजे बरं सर, थँक्यू. कामाचा मेसेज शोधायला वर किती स्क्रोल करायचं! सरांना वेगळा मेसेज करायचा तर आधी नमस्कार, मग तुमचा वेळ घेतोय त्याची माफी, मग नाव, रोल नंबर, मग कुठे काम, आणि शेवटी परत थँक्यू. रात्रीचा तर अजिबात नाही. माझा रूममेट आधी नोट्समध्ये लिहून दोघांना वाचायला द्यायचा, मग पाठवायचा. आपल्याकडे "सर उद्या येऊ का" वर भागतं.

मलांगची:
+१ 😀 आणि हीच इतकी अदबशीर पोरं ट्विटरवर मेनफेसला काय काय लिहितात बघा. कॉलेजच्या नावाचं अकाउंट असतं, त्याला डीएम केला की बॉट तो निनावी पोस्ट करतो. लायब्ररीतला निळ्या जॅकेटवाला कोण, हरवलेलं आयकार्ड, कोसमधल्या शेजारणीच्या आवाजाची तक्रार, सगळं तिथेच. सकाळी उठून आधी तेच वाचायचे सगळे.

डेपोकला होतो:
मी तिकडे असताना ऑगस्ट २०२४ आला. संसद निवडणूक कायदा घाईघाईत बदलायला निघाली होती, तेही घटना न्यायालयाचा निकाल आल्यावर लगेच, तो निकाल टाळायला, आणि एका रात्रीत सगळ्यांच्या इन्स्टा स्टोरीवर निळ्या पार्श्वभूमीवर त्यांच्या राष्ट्रचिन्हातला गरुड आणि वर 'पेरिंगातान दारुरात', म्हणजे आणीबाणीचा इशारा. रात्री दोन-दोनपर्यंत मोबाईल लेजंड्स खेळणारी पोरं २२ तारखेला युनिव्हर्सिटीची पिवळी जॅकेटं घालून संसदेसमोर. कुठे जमायचं, पाणी कोण आणणार, सगळं फोनवर ठरलं. त्याच दिवशी ती दुरुस्ती मागे पडली. ही पोरं नुसती रील्स बघतात म्हणणाऱ्यांना मी हेच सांगतो.

बांडुंगवाला:
मान्य, पण दुसरी बाजू पण लिहा की. ११.११ आणि १२.१२ चे (११ नोव्हेंबर, १२ डिसेंबरचे) ऑनलाइन सेल आले की वर्गात अर्धे जण पार्सलच्या गप्पांत, आणि खिशात पैसे नसले तर पेलेटर, म्हणजे आत्ता घ्या पैसे नंतर द्या, आहेच. कर्जाच्या ॲपला तिकडे पिंजोल म्हणतात. २०२२ मध्ये बोगोरच्या आयपीबी युनिव्हर्सिटीचे शंभरहून जास्त विद्यार्थी एका फसवणुकीत सापडले, नफा मिळेल म्हणून स्वतःच्या नावावर ऑनलाइन कर्ज काढून बसले आणि वसुलीवाले त्यांच्याच मागे. क्यूआर सोयीचा आहे हो ताई, पण गेलेला पैसा दिसत नाही.

मलांगची:
एवढं गंभीर नको 😅 थीसिसच्या तोंडी परीक्षेचं कोणी सांगितलं का? सिदांग म्हणतात. बाहेर मित्रमंडळी तासभर उभी, दार उघडलं की गळ्यात नावाचा पट्टा, हातात फुलांचा गुच्छ, नाहीतर चिप्सच्या पाकिटांचा, क्वचित नोटांचा पण असतो. सगळ्यांच्या स्टोरीत टॅग. आमच्या मजल्यावर एकाच दिवशी चौघांची सिदांग होती, कॉरिडॉरमध्ये पाय ठेवायला जागा नव्हती, सफाईवाले काका नुसते कपाळाला हात लावून बसलेले. चिप्सची दोन पाकिटं शेवटी त्यांनाच मिळाली.

केकेएनला कोण गेलंय? कॉलेजतर्फे समाजसेवेला गावात जाऊन राहायचं असतं ते. रेंज नसलेल्या गावातले किस्से पाहिजेत.