मदत हवी आहे: ओरांग इंडियन्सचा १९२३चा हंगाम

नमस्कार मंडळी. अमेरिकन फुटबॉलपटू जिम थॉर्पवर लेख लिहितेय आणि १९२३ सालापाशी अडलेय. ओहायोतल्या लारू या चिमुकल्या गावाचा ओरांग इंडियन्स संघ. सगळे खेळाडू अमेरिकेतल्या मूळ जमातींचे, प्रशिक्षक खुद्द थॉर्प. १९२२ मध्ये ३ विजय, ६ पराभव. पुढच्या वर्षी ११ पैकी १० सामने हरले! मालक वॉल्टर लिंगो एअरडेल कुत्री विकायचा, संघ म्हणजे त्याची जाहिरात. मध्यंतरात समोरचा संघ दम खायचा, तेव्हा हे खेळाडू मैदानावरच कुत्र्यांसोबत प्रेक्षकांना खेळ करून दाखवायचे. वाचून जीव तुटला. त्या खेळाडूंच्या स्वतःच्या आठवणी, मुलाखती कुठे वाचायला मिळतील? ओहायोत राहणारं कुणी तिथल्या ग्रंथालयात विचारू शकेल का?