अपील उशिरा आलं म्हणून दारच लावायचं का?

मूळ धागा (मोहोळ)
माझे मामा वाटपाच्या दाव्यात हरले. निकाल लागल्याचं त्यांना कळलं ते तलाठ्याने फेरफाराची नोटीस दिली तेव्हा. जिल्हा न्यायालयात अपिलाची मुदत ३० दिवस, आणि तोवर साडेतीन महिने उलटलेले. विलंबमाफीचा अर्ज दिला, तो फेटाळला, त्याबरोबर अपीलही गेलं. साडेतीन एकर जमीन, आणि वरच्या कोर्टात एकाही साक्षीदाराची जबानी वाचली गेली नाही. वकिलाच्या चुकीची शिक्षा अशिलाला नको, असं सर्वोच्च न्यायालयानेच १९८१ साली रफीक विरुद्ध मुन्शीलाल खटल्यात म्हटलं आहे. मग ३० दिवस एवढे पवित्र कसे?

प्रतिसाद (बार्शी)
मी पलीकडच्या बाजूचा आहे. आईला तिचा हिस्सा कोर्टातून मिळाला तेव्हा ती बासष्ट वर्षांची होती. आम्ही दरखास्त, म्हणजे निकाल अमलात आणायचा अर्ज, लावली आणि माझ्या मामांचं उशिराचं अपील आलं. नुसत्या अर्जाने दरखास्त थांबत नाही हे खरं, पण ‘अपील आहे’ म्हटल्यावर ते रान कोणी खंडानेसुद्धा घेईना. उशीर माफ करायचा की नाही, एवढं ठरायलाच दोन वर्षं गेली. मुदत जिंकलेल्या माणसासाठीही असते हो. कधीतरी निकाल आपला झाला, असं त्याला म्हणता आलं पाहिजे.

प्रतिसाद (सोलापूर, वकील)
त्रुटी आणि उशीर यांची गल्लत नको. वकीलपत्रावर सही राहिली, कोर्ट फी कमी पडली, तर ती दुरुस्त करायला संधी द्यावी लागते. सहीबाबत २००६ च्या उदय शंकर त्रियार निकालात हे स्पष्ट आहे. उशिराचं तसं नाही. तिथे कारण पटावं लागतं. २०१२ साली खुद्द टपाल खात्याचा ४२७ दिवसांचा उशीर सर्वोच्च न्यायालयाने माफ केला नाही.
आणि निकालाच्या नकलेवरचा शिक्का बघत चला. अर्ज कधी दिला, नक्कल कधी तयार झाली, कधी नेली, अशा तारखा असतात. तयार होईपर्यंतचे दिवस मुदतीतून वजा होतात. तयार नक्कल कोर्टात पडून राहिली तर ते दिवस तुमच्याच खाती.

मूळ धागा (मोहोळ)
मामा आळशी नव्हते. दर तारखेला एसटीने जायचे, घरच्या कॅलेंडरवर प्रत्येक तारखेला लाल गोल आहे. शेवटच्या गोलाशेजारी त्यांच्याच अक्षरात ‘निकालावर’ एवढंच लिहिलंय, म्हणजे खटला निकालासाठी ठेवलेला. पुढची तारीख त्यांना कोणी सांगितलीच नाही.

प्रतिसाद (बार्शी)
हे सगळं अर्जात होतं का?

मूळ धागा (मोहोळ)
नाही. अर्जात एकच ओळ होती, ‘निकालाची माहिती उशिरा मिळाली.’

प्रतिसाद (बार्शी)
मग दादा, तुमच्या मामांचं खरं कारण कोर्टापुढे गेलंच नाही. माझं मत बदललेलं नाही, पण हे वाचून वाईट वाटलं.

प्रतिसाद (सोलापूर, वकील)
मुदतीवर अपील फेटाळलं तरी त्यावर दुसरं अपील करता येतं. उच्च न्यायालयात त्याला ९० दिवस मिळतात, आणि ऑगस्ट २०२५ पासून आपल्या जिल्ह्याला त्याच न्यायालयाचं कोल्हापूरचं सर्किट बेंच (फिरतं खंडपीठ) आहे. आधीच्या अर्जातली उणीव तिथे सहज भरून निघेल असं समजू नका. तरी ते कॅलेंडर जपून ठेवा आणि फेटाळल्याच्या आदेशाच्या नकलेचा अर्ज उद्याच द्या. आदेशाची तारीख काय आहे?