स्ट्रिंगची (प्रोग्राममधल्या मजकुराची) लांबी बाइटमध्ये मोजावी की वाचणाऱ्याला दिसणाऱ्या अक्षरांत?

शिरोरेषा

'महाराष्ट्र' या एकाच शब्दाची लांबी निरनिराळ्या प्रोग्रामिंग भाषांना विचारून बघा. गो आणि रस्ट सांगतात ३०. पायथन, जावा आणि जावास्क्रिप्ट सांगतात १०. आजची स्विफ्ट सांगते ४. पहिलीतल्या मुलाला विचारलं तर ते बोटांवर मोजेल: म, हा, रा, ष्ट्र. चारच.

मेमरीत काय ठेवलेलं असतं ते बघितलं की हे आकडे उलगडतात. युनिकोड हे सगळ्या लिप्यांच्या चिन्हांना क्रमांक देणारं मानक, आणि त्या क्रमांकाला कोडपॉइंट म्हणतात. त्यात काना, मात्रा आणि पाय मोडायचं चिन्ह या सगळ्यांना स्वतंत्र कोडपॉइंट आहेत. त्यामुळे हा शब्द दहा कोडपॉइंटचा होतो: म, ह, काना, र, काना, ष, पायमोड, ट, पायमोड, र. हे क्रमांक बाइटमध्ये लिहायची यूटीएफ-८ ही एक पद्धत, तिच्यात देवनागरीच्या प्रत्येक कोडपॉइंटला तीन बाइट लागतात. 'म' म्हणजे २२४, १६४, १७४. म्हणून तीस. यूटीएफ-१६ या दुसऱ्या पद्धतीत प्रत्येकी दोन, म्हणजे वीस बाइट, पण जावा बाइट न मोजता दोन-दोन बाइटचे घटक मोजते, म्हणून दहा.

माझं म्हणणं असं की भाषेने सरळ 'लांबी' विचारल्यावर चार सांगावं आणि तुकडा मागितल्यावर अक्षराच्या सीमेवरच कापावं. ज्याला बाइट हवेत त्याने बाइट म्हणून मागावेत. बहुतेक प्रोग्रामर समोर जे पहिलं सापडतं तेच वापरतात, आणि भोगतो मराठी वाचणारा. गोमध्ये या शब्दाचे पहिले २० बाइट घ्या. सहा कोडपॉइंट पूर्ण येतात, सातव्याचे दोनच बाइट हाती लागतात आणि 'महाराष'च्या पुढे तो काळा चौकोन उमटतो. जावास्क्रिप्टमध्ये पहिले सात घटक घेतले तर 'महाराष्' असा पाय मोडलेला शब्द मिळतो. मोबाइलवरच्या मराठी सूचनांत हे रोज दिसतं, आणि लोकांना वाटतं की मराठी संगणकावर नीट चालतच नाही. याची मला मनापासून चीड येते.

थेट_बाइट

उदाहरण चोख आहे, निष्कर्ष पटला नाही.

लांबी हवी असते ती कशासाठी, हे आधी बघू. फाइलमध्ये लिहायचं, नेटवर्कवर पाठवायचं, मेमरीत जागा मागायची, तर बाइट लागतात. ओळ पडद्यावर मावते का हे बघायचं, तर पिक्सेल लागतात, कारण 'ष्ट्र' आणि 'ग' यांची रुंदी सारखी नसते. अक्षरं चार आहेत हे कळून यातलं एकही काम पुढे सरकत नाही. सूचना कुठे कापायची हे मजकूर मांडणाऱ्या इंजिनाने ठरवायचं असतं. ते काम स्ट्रिंगच्या माथी मारलं, म्हणून शब्द तुटला.

दुसरं म्हणजे खर्च. ६४-बिट यंत्रावर रस्टची स्ट्रिंग म्हणजे पत्ता, लांबी आणि क्षमता असे २४ बाइट, आणि प्रत्यक्ष मजकूर दुसरीकडे, हीपवर, म्हणजे प्रोग्रामने चालताना वेगळ्या मागून घेतलेल्या मेमरीत. लांबी तयारच लिहून ठेवलेली असते, विचारली की मिळते. सी भाषेत तीही सोय नव्हती, शेवटचा शून्य बाइट सापडेपर्यंत चालत जावं लागायचं. तुमच्या सूचनेने आपण तिथेच परत जातो, किंबहुना आणखी मागे, कारण अक्षरं मोजायला मजकूर सुरुवातीपासून वाचायचा आणि शिवाय प्रत्येक कोडपॉइंटसाठी युनिकोडचे तक्ते धुंडाळायचे. स्विफ्टमध्ये लांबी विचारणं दिसायला साधं असतं, पण मोठ्या मजकुरावर लूपच्या आत विचारा आणि वेळ मोजून बघा.

रस्टचा कडकपणा मला म्हणूनच आवडतो. आकडा देऊन पहिलं अक्षर मागितलं तर प्रोग्राम कंपाइलच होत नाही. 'महाराष्ट्र'चे पहिले चार बाइट तुकडा म्हणून मागितले तर प्रोग्राम जागीच थांबतो, अर्धवट कोडपॉइंट गुपचूप पुढे सरकत नाही. अक्षरं मोजायची सोयही रस्टच्या मूळ लायब्ररीत होती. २०१५ साली १.० आवृत्ती यायच्या आधी ती बाहेरच्या लायब्ररीत हलवली.

जुना_टंक

दोघेही यूटीएफ-८ गृहीत धरून बोलत आहात, म्हणून थोडा इतिहास मांडतो.

१९९१ मध्ये युनिकोडची पहिली आवृत्ती आली तेव्हा १६ बिटांत, म्हणजे ६५,५३६ जागांत, जगातल्या वापरातल्या लिप्या मावतील असा हिशेब होता. विंडोज एनटी १९९३ मध्ये आली, जावा १९९५ मध्ये जाहीर झाली. दोन्ही त्या हिशेबावर उभ्या आहेत. १९९६ च्या २.० आवृत्तीत जागा वाढवायला सरोगेट जोड्या (एका चिन्हासाठी १६ बिटांचे दोन घटक) आल्या, तोवर जावाचा 'कॅर', म्हणजे चिन्ह ठेवायचा घटक, १६ बिटांचा होऊन बसला होता. आज एक इमोजी जावास्क्रिप्टमध्ये दोन लांबीचा भरतो तो त्यामुळे. त्या मंडळींनी फक्त इंग्रजीचा विचार केला असं कोणी म्हणत असेल तर ते अन्यायाचं आहे. उलट, सगळ्या लिप्यांना समान दोन बाइट द्यावेत हीच त्यामागची कल्पना होती.

यूटीएफ-८ मध्ये मात्र ही समानता नाही. १९९२ मध्ये केन थॉम्प्सन आणि रॉब पाइक यांनी ते रचलं. जुनी आस्की (इंग्रजी चिन्हांच्या जुन्या संकेतातली) फाइल जशीच्या तशी चालली पाहिजे ही त्यातली अट, त्यामुळे इंग्रजीला एक बाइट आणि आपल्याला तीन. त्याआधी आपल्याकडे इस्की होती, भारतीय मानक १३१९४, साल १९९१. तिच्यात एका चिन्हाला एकच बाइट. पुण्याच्या सी-डॅक या सरकारी संस्थेच्या, संगणकात बसवायच्या जिस्ट कार्डावर मी मराठीची कितीतरी कामं त्याच पद्धतीने केली आहेत. युनिकोडमधली देवनागरीची मांडणीदेखील इस्कीच्या १९८८ च्या आवृत्तीवरूनच आली. म्हणजे तोच मजकूर एका बाइटवरून दोनवर आणि दोनवरून तीनवर गेला.

जावा ९ ने (२०१७) स्ट्रिंगची मेमरी निम्मी केली असं कौतुक झालं. ती निम्मी झाली फक्त लॅटिन-१ मध्ये, म्हणजे इंग्रजी आणि पश्चिम युरोपीय भाषांच्या चिन्हांत, बसणाऱ्या मजकुराची. मराठी स्ट्रिंग पूर्वीइतकीच जागा खाते. माझ्या मते भारतीय भाषांचा मजकूर मुख्यतः मेमरीत हाताळणाऱ्या प्रणालीने यूटीएफ-१६ सोडू नये.

थेट_बाइट

@जुना_टंक, इतिहास मान्य, पण तीनपट हा आकडा नुसत्या देवनागरी चिन्हांचा आहे. मराठी वेबपान उघडून त्याचा सोर्स बघा. टॅग, दुवे, जेसन या डेटा-मांडणीतली रकान्यांची नावं, मोकळ्या जागा, विरामचिन्हं, सगळं आस्की. यूटीएफ-१६ मध्ये त्या प्रत्येकाला दोन बाइट मोजावे लागतात. त्यात पान मराठी असलं तरी एकूण बेरीज बहुधा यूटीएफ-८ च्याच बाजूने झुकते. शिवाय देवनागरी कोडपॉइंटचे पहिले दोन बाइट नेहमी २२४-१६४ किंवा २२४-१६५ असतात. इतकी पुनरावृत्ती म्हटल्यावर साठवताना, पाठवताना कॉम्प्रेशन ती सहज गिळतं.

जुना_टंक

डिस्कवर आणि तारेवर गिळतं. रॅममध्ये शोध चालू असताना मजकूर कॉम्प्रेस केलेला नसतो, आणि मी बोलत होतो ते मेमरीबद्दल.

हीप_आणि_स्टॅक

मेमरीचंच बोलायचं तर लहान स्ट्रिंगकडे बघा, खरी मार तिथे बसते.

सी++ मध्ये छोटी स्ट्रिंग हीपवर न नेता ऑब्जेक्टच्या पोटातच ठेवतात. जीसीसी या कंपाइलरच्या लायब्ररीत तिथे १५ बाइट मावतात, क्लँग या कंपाइलरच्या लायब्ररीत २२. स्विफ्टचीही अशीच सोय आहे, १५ बाइटची. आता गावांची नावं भरा. 'पुणे' १२ बाइट, मावलं. 'मुंबई' बरोबर १५, काठावर मावलं. 'नागपूर' १८, क्लँग सोडून बाकी दोन्हींकडे गेलं हीपवर. 'छत्रपती संभाजीनगर' ४९ बाइट, ते कुठेच मावत नाही. इंग्रजी स्पेलिंगमधलं 'नागपूर' सहा बाइटचं असतं आणि आरामात आत बसतं. प्रत्येक हीपवारीला वेळ लागतो, कॅश (प्रोसेसरजवळची झटपट मेमरी) चुकतो. लाखो नोंदींच्या मतदारयादीसारख्या डेटात याचा फरक पडतो, आणि तो अक्षरं मोजा की बाइट मोजा, पडतोच.

पायथनची तऱ्हा आणखी वेगळी. ३.३ पासून (२०१२) ती स्ट्रिंगमधला सर्वांत मोठा कोडपॉइंट बघून सगळ्यांना १, २ किंवा ४ बाइट देते. दहा लाख कोडपॉइंटचा मराठी मजकूर सुमारे २० लाख बाइट घेतो. त्यात शेवटी एक इमोजी चिकटवा, नवी स्ट्रिंग ४० लाखांची होते. बदल्यात मिळतं काय, तर पाचशेवा कोडपॉइंट तत्काळ. पण मराठीत पाचशेवा कोडपॉइंट हा एखादा सुटा काना असू शकतो. तो तत्काळ मिळवून करायचं काय? पायपाय या पायथनच्याच दुसऱ्या अवताराने २०१९ मध्ये आतून यूटीएफ-८ घेतलं ते मला म्हणूनच योग्य वाटतं.

काना_मात्रा

मी ग्रंथालयाच्या सूचीचं काम करते. तुमची लांबीची चर्चा वाचताना सारखं वाटत होतं की मराठीचा मोठा घोळ लांबीत नाहीच, तो समानतेत आहे.

डोंगरांमधल्या 'दऱ्या' घ्या. हा शब्द दोन प्रकारे टाइप होतो. एकात टिंबवाला ऱ, पायमोड आणि य येतो: पाच कोडपॉइंट, १५ बाइट. दुसऱ्यात साधा र, पायमोड, मग झीरो विड्थ जॉइनर नावाचं अदृश्य चिन्ह आणि य: सहा कोडपॉइंट, १८ बाइट. पडद्यावर दोन्ही एकसारखे. मेमरीत वेगळे, म्हणून एक शोधला की दुसरा सापडत नाही. युनिकोडचं नॉर्मलायझेशन, म्हणजे एकाच चिन्हाची निरनिराळी रूपं एकसारखी करणं, इथे कामाला येत नाही. ते टिंबवाला ऱ आणि 'र अधिक नुक्ता (खालचं टिंब)' यांना एक मानतं, स्विफ्टची तुलनाही मानते, पण जॉइनरवाली जोडणी त्यात बसत नाही. आणि कुणी साफसफाई म्हणून अदृश्य चिन्हं काढून टाकली की 'दऱ्या'चा 'दर्या' होतो. डोंगरातून थेट समुद्रात. एका प्रणालीतून दुसरीत नोंदी नेताना आमच्याकडे नेमकं असंच झालं, आणि कितीतरी नोंदी हाताने तपासून दुरुस्त कराव्या लागल्या.

'ॲ'चंही तेच. हा स्वतंत्र कोडपॉइंट २००८ मध्ये, युनिकोड ५.१ मध्ये आला. त्याआधीच्या मजकुरात 'अ'वर चंद्र देऊन दोन कोडपॉइंटमध्ये लिहिलेलं आहे. दोन्ही रूपं एक आहेत असं युनिकोड म्हणत नाही.

तेव्हा शिरोरेषा, लांबी चार सांगणारी भाषा मिळाली तरी आमची 'दऱ्या' सापडणार नाही. दोन्ही रूपांची लांबी दोनच येईल आणि तरी ती जुळणार नाहीत.

शिरोरेषा

काना_मात्रा, हे अगदी खरं आहे, आणि त्यासाठी मराठीपुरता वेगळा नियम लिहावाच लागेल, कुठलीही भाषा तो आयता देत नाही. पण लांबीचा प्रश्न त्याने निकालात निघत नाही.

थेट_बाइट, खर्चाचा तुमचा मुद्दा मजकूर कसा साठवला आहे त्यावर ठरतो. राकू ही भाषा बघा. ती मजकूर आत घेतानाच अक्षरांत तोडते. एकाच कोडपॉइंटचं अक्षर असेल तर तोच आकडा, आणि ज्या समूहाला युनिकोडमध्ये एकच आकडा नाही त्याला ती चालू प्रोग्रामपुरता स्वतःचा आकडा देते. मग पाचशेवं अक्षर तत्काळ मिळतं. खर्च आहे, पण तो एकदाच, मजकूर आत येताना.

आणि एलिक्सिर या भाषेने नावांतच सोडवणूक केली आहे: 'लेंग्थ' म्हटलं की अक्षरं, मोजायला वेळ लागणार, 'साइझ' म्हटलं की बाइट, तत्काळ. आत साठवण साधी यूटीएफ-८. रस्टने आकडा देऊन अक्षर मागायला बंदी केली ते उत्तम, पण लांबी विचारणाऱ्या 'लेन'ला मात्र विनातक्रार ३० सांगितलं. तिथेही अडवायला हवं होतं.

थेट_बाइट

एलिक्सिरची नावं मला मान्य आहेत, राकू नाही. आत घेतानाच मजकूर नॉर्मलाइझ केला की मूळ बाइट जसेच्या तसे परत मिळतील याची खात्री राहत नाही. लिनक्सवर फाइलचं नाव म्हणजे नुसते बाइट असतात. ते वाचलं, परत लिहिलं आणि बाइट बदलले तर फाइलच सापडत नाही. राकूला त्यासाठी वेगळं एन्कोडिंग द्यावं लागलं.

पण माझा मोठा आक्षेप अजून तसाच आहे. तुमचा चार हा आकडा स्थिर नाही. २०२३ च्या युनिकोड १५.१ पर्यंत मूळ नियमांनुसार पायमोडानंतर अक्षर तुटायचं: म, हा, रा, ष्, ट्, र. सहा. १५.१ मध्ये जोडाक्षर एकसंध धरायचा नियम आला आणि चार झाले. आता अर्जात 'नाव जास्तीत जास्त २० अक्षरं' अशी अट घाला. नव्या फोनवर नाव वीस अक्षरांत बसतं, जुनी लायब्ररी चालवणारा सर्व्हर त्याच नावात पंचवीस मोजतो आणि परत पाठवतो. कोड दोन्हीकडे बरोबर. बाइट १९९२ पासून तेवढेच आहेत.

आणि एका अक्षराला वरची मर्यादा नाही. एका 'क'वर हजार अनुस्वार चढवले तरी नियमाने ते एकच अक्षर. वीस अक्षरांची अट घातली म्हणून मेमरी आटोक्यात राहील असं नाही.

हीप_आणि_स्टॅक

हजार अनुस्वारांना +१. लॉगमध्ये असली नावं पाहिली आहेत.

शिरोरेषा

म्हणून सर्व्हरच्या दारावर बाइटचीच अट असावी, सढळ, समजा ४०० बाइट. तिथे मी तुमच्या बाजूने आहे. पण नाव भरणाऱ्या माणसाला दाखवायचा आकडा तो नाही. मी पाहिलेल्या एका अर्जात नावाच्या रकान्याला ३० बाइटची मर्यादा होती आणि शेजारी लिहिलं होतं '३० अक्षरे'. इंग्रजीत नाव भरणाऱ्याला ती तीस मिळत होती. मराठीत भरणाऱ्याचं नाव दहाव्या कोडपॉइंटला, म्हणजे पाचसहा अक्षरांतच अडत होतं, आणि कारण कुठेच सांगितलेलं नव्हतं. ज्याने तो रकाना केला त्याने भाषेला 'लांबी' विचारली, भाषेने आकडा दिला, आणि तो कशाचा आहे हे विचारायची वेळच त्याच्यावर आली नाही. चार आणि सहा यांतला फरक पुढच्या आवृत्तीत मिटतो. तीस म्हणजे तीस अक्षरं हा समज भाषेनेच करून दिला आहे, तो लायब्ररी बदलून मिटत नाही.

थेट_बाइट

मग एकक सांगितल्याशिवाय 'लांबी' विचारताच येऊ नये, एवढ्यावर माझी सही घ्या. बाइट, कोडपॉइंट, अक्षर, तिन्हींना वेगळी नावं, आणि नुसत्या 'लेन'ला कंपाइलरची चूक. अक्षरांना पहिला मान द्यायला मात्र माझा विरोध कायम आहे.