धैर्य हा सद्गुण आहे की नुसते सामर्थ्य? अद्भुतकथांतील खलपुरुषांविषयी एक प्रश्न

धरमपेठचा वाचक (प्रश्न)

आमच्या वाचनगटात सध्या आठवी ते दहावीची मुले अद्भुतरम्य कादंबऱ्या वाचत आहेत. नववीतल्या एका मुलीने विचारले, की काळ्या सम्राटाचे सैनिकही शेवटपर्यंत लढतात, पळून जात नाहीत, मग त्यांना शूर म्हणायचे की नाही? गटातल्या मोठ्या माणसांचे यावर एकमत झाले नाही. काहींच्या मते ते शूर आहेत, फक्त चांगले नाहीत. काहींच्या मते वाईटासाठी दाखवलेली निर्भयता शौर्यात मोजूच नये.

मला या प्रश्नाच्या पोटात आणखी एक प्रश्न दिसतो. अशा बहुतेक कथांत दुष्टपणा दूर कुठेतरी डोंगरापलीकडच्या गडावर राहतो आणि चांगली माणसे त्याच्यावर चालून जातात. वाईट हे असे बाहेरूनच येत असेल, तर शत्रूपुढे न डगमगणे म्हणजेच धैर्य, आणि विषय संपला. पण ते आपल्या आतही असेल, तर धैर्य कोणापुढे दाखवायचे? इंग्लंडमधले यादवी युद्ध ज्याच्या हयातीत पेटले त्या हॉब्ज या तत्त्वचिंतकाने १६५१ मध्ये लिहिले, की सत्तेचा धाक नसेल तर माणसे एकमेकांचे जिणे नकोसे करतील. रूसो या विचारवंताने १७५५ मध्ये जवळजवळ उलट बाजू मांडली, की माणूस मुळात निरुपद्रवी असतो आणि मालमत्ता व विषमता त्याला बिघडवतात. मुलांना या दोघांपैकी एकाच्या पारड्यात बसवणे मला पटत नाही. जाणकारांनी सविस्तर लिहावे, ही विनंती. आपल्याकडची उदाहरणे मिळाली तर मुलांना ती अधिक जवळची वाटतील.

निवृत्त शिक्षिका, महाल

नमस्कार. त्या मुलीचा प्रश्न अॅरिस्टॉटलने फार बारकाईने हाताळलेला आहे. धैर्य हे भित्रेपणा आणि अविचारी साहस यांच्या मधले असते, एवढेच त्याचे मत आपण सहसा उद्धृत करतो आणि पुढचा भाग सोडून देतो. त्याच विवेचनात तो धैर्यासारख्या दिसणाऱ्या पाच गोष्टी वेगळ्या काढतो. लोकलाजेने किंवा शिक्षेच्या भीतीने लढणे, युद्धाचा सराव असल्यामुळे न घाबरणे, संतापाच्या भरात धावून जाणे, आजवर जिंकत आलो म्हणून आताही जिंकू असे समजणे आणि संकटाची कल्पनाच नसणे, अशा त्या पाच. मागे सरल्यास सरदार मारील या भयाने जागेवर उभे राहणाऱ्या सैनिकांचाही तो उल्लेख करतो. काळ्या सम्राटाच्या फौजेतले बहुतेक सैनिक याच रांगेत बसतात, कारण त्यांच्या पाठीशी चाबूक असतो आणि समोरच्या तलवारीपेक्षा त्यांना त्या चाबकाची भीती जास्त वाटते. मुलांना ही पाच लक्षणे देऊन वाचलेल्या कादंबरीतली एकेक व्यक्तिरेखा तपासायला सांगावी. नायकाच्या बाजूची काही माणसेही त्या कसोटीत अडकतील, आणि तशी ती अडकावीत असे मला मनापासून वाटते.

आता उरतो तो स्वतः खलपुरुष, ज्याला संकटाची पूर्ण जाणीव आहे आणि तरीही भीती नाही. गीतेच्या सोळाव्या अध्यायात दैवी संपत्तीची यादी अभयापासूनच सुरू होते, हे खरे आहे; परंतु ती यादी तेथे संपत नाही. विनोबांनी १९३२ साली धुळ्याच्या तुरुंगात दिलेल्या प्रवचनांत या गुणांची सेना कल्पिली आहे. तिच्या आघाडीला अभय आहे आणि पिछाडी सांभाळायला नम्रता आहे. ज्याच्या निर्भयतेची पिछाडी मोकळी आहे त्याच्यात अहंकार कधी शिरला हे त्यालाही कळत नाही, आणि अद्भुतकथांतले बहुतेक खलपुरुष असेच घडलेले असतात. म्हणून त्या मुलीला मी असे सांगेन, की निर्भयता त्याच्याजवळ आहे. धैर्य म्हणण्यासाठी तिला ज्या इतर गुणांची सोबत लागते, ते त्याच्याजवळ नाहीत.

वाईट बाहेर की आत, या आपल्या दुसऱ्या प्रश्नासाठी प्लेटोच्या ‘रिपब्लिक’ या ग्रंथाच्या दुसऱ्या भागातली अंगठीची गोष्ट मुलांना अवश्य सांगावी. लिडिया देशातल्या एका मेंढपाळाला अदृश्य करणारी अंगठी सापडते; तिच्या बळावर तो राणीला वश करतो, राजाला मारतो आणि राज्य बळकावतो. संवादातला ग्लॉकन तेथे विचारतो, की अशी अंगठी सज्जनाला मिळाली तर तो तरी वेगळा वागेल काय? टॉल्कीनची १९५४-५५ मध्ये आलेली ‘द लॉर्ड ऑफ द रिंग्ज’ ही तीन खंडांची कादंबरी याच प्रश्नावर उभी आहे, असे मी समजते. तेथे सर्वांत सामर्थ्यवान आणि सर्वांत शहाणी पात्रे अंगठी घ्यायला नकार देतात, कारण ती हाती आल्यावर आपले काय होईल हे ती ओळखून असतात. आणि ज्या फ्रोडो या नायकाने ती नष्ट करण्यासाठी सगळी वाट तुडवली, तो ज्वालामुखीच्या कड्यावर उभा राहून ‘ही माझी आहे’ असे म्हणतो. तेथे त्याचे धैर्य कमी पडते. पुढे जे काम तडीस जाते, ते अंगठीच्या हव्यासाने मागे लागलेल्या गॉलमला पूर्वी मारता आले असतानाही दयेने सोडून दिल्यामुळे. १९१६ साली सॉमच्या रणांगणावर प्रत्यक्ष असलेल्या लेखकाने शेवट असा करावा, याला मी फार महत्त्व देते.

इतवारीकर

मॅडमचे विवेचन मान्य आहे, तरीही डोंगरापलीकडच्या गडाला इतके खालचे स्थान देऊ नये, असे मला वाटते.

पोळ्याच्या दुसऱ्या दिवशी नागपुरात आमच्या भागातून काळी आणि पिवळी मारबत निघते. बांबू, कागद आणि कापड यांच्या त्या उंच मूर्ती गर्दीवरून डुलत येतात आणि रोगराई, जादूटोणा, ईडा-पीडा ‘घेऊन जा गे मारबत’ असा घोष चालू असतो. बरोबर बडगे म्हणजे पुरुषाकृती पुतळेही असतात आणि त्यांवर महागाई, भ्रष्टाचार असे त्या-त्या वर्षाचे विषय असतात. शेवटी हे सगळे जाळले जाते. त्या कागदाच्या पुतळ्यात वाईट खरोखर भरलेले आहे, असे ओरडणाऱ्यांपैकी कोणीही मानत नाही. पण बापाच्या खांद्यावर बसलेल्या लहान मुलाला त्या सकाळी एवढे नक्की कळते, की वाईटाला तोंड असते, नाव असते आणि सगळ्यांनी मिळून त्याला गावाबाहेर काढता येते. स्वतःच्या मनात डोकावण्याइतके मूल मोठे होण्यापूर्वी त्याला हा विश्वास मिळायला हवा. अद्भुतकथेतला काळा सम्राट हेच काम करतो.

धोका आहे, तोही सांगतो. बडग्याला कोणाचे तोंड द्यायचे, हे माणसेच ठरवतात. महागाईचा बडगा करणे वेगळे आणि शेजारच्या वस्तीचा करणे वेगळे. ज्या कथांत एखादी संपूर्ण जमातच जन्मतः दुष्ट दाखवलेली असते, त्या वाचताना मुलांना येथे थांबवावे आणि या माणसांची लहान मुलेही दुष्टच असतील काय, असे विचारावे.

वेताळप्रेमी

विक्रम-वेताळाची मूळ चौकट कोणी आठवली नाही, म्हणून थोडक्यात लिहितो. ‘कथासरित्सागरा’त राजा त्रिविक्रमसेन एका भिक्षूला शब्द देऊन बसतो आणि रात्री स्मशानात जाऊन झाडावरचे प्रेत खांद्यावर घेतो, ते निसटले की पुन्हा जाऊन आणतो. राजाच्या धैर्यात काहीच उणे नाही. परंतु हे सगळे धैर्य तो एका कपटी माणसाच्या कामी लावत असतो, कारण राजाचाच बळी देऊन सिद्धी मिळवण्याचा त्या भिक्षूचा बेत असतो. रोज फळ भेट देणारा साधू घातकी निघतो आणि प्रेतात शिरलेला भयंकर वेताळ राजाला वाचवतो. वेताळ भेटला नसता तर सर्वांत शूर माणूस सर्वांत वाईट कामाचे साधन झाला असता. कोडी सोडवताना राजाने जो विवेक दाखवला, त्यावर प्रसन्न होऊनच वेताळ त्याला सावध करतो, हे मुलांच्या लक्षात आणून द्यावे.

धरमपेठचा वाचक

सर्वांचे मनःपूर्वक आभार. अॅरिस्टॉटलच्या पाच लक्षणांवर पुढची बैठक घेण्याचे ठरवले आहे. एक शंका मात्र राहते. वरच्या सगळ्या उदाहरणांत कोणी ना कोणी काहीतरी करतो. ज्याला योग्य काय ते कळते, जो दुष्टही नाही, पण गप्प बसतो, त्याला कोठे ठेवायचे? मुलांच्या वर्गात, खेळाच्या मैदानावर त्यांना रोज भेटणारा माणूस हाच आहे.

वर्धा मार्गावरील एक सदस्य

तुमच्या शंकेसाठी सभापर्व उघडावे. द्रौपदीने विचारलेल्या प्रश्नावर भीष्म धर्माची गती सूक्ष्म असल्याचे सांगतात. रणांगणावर ज्याच्यासमोर उभे राहायला कोणी धजत नसे, तो पुरुष सभेत निर्णय देत नाही. तेव्हा धृतराष्ट्राचा एक मुलगा, विकर्ण, उठून बोलतो. तो नुसता कळवळा व्यक्त करीत नाही, कारणे देतो. युधिष्ठिर द्यूताच्या व्यसनात होता, डाव दुसऱ्यांच्या चिथावणीवरून लावला गेला, द्रौपदी पाचांची पत्नी आहे आणि तिला पणाला लावण्यापूर्वी युधिष्ठिर स्वतःला हरलेला होता. म्हणून ती जिंकली गेली, असे मी मानत नाही, असे तो भर सभेत सांगतो.

यानंतरचा तपशील बहुतेकांच्या लक्षात राहत नाही. विकर्णाचे बोलणे ऐकून सभेत मोठा आवाज उठतो. लोक त्याची प्रशंसा करतात आणि शकुनीची निंदा करतात. म्हणजे योग्य काय ते सभेला कळलेले होते. मग कर्ण संतापून बोलतो, विकर्णाला पोरकट ठरवतो, आणि द्रौपदीच्या वस्त्राला हात घातला जातो. दाद देणाऱ्यांपैकी एकानेही उठून विकर्णाच्या शेजारी उभे राहण्याचे कष्ट घेतले नाहीत. दुःशासनाच्या दुष्टपणापेक्षा मला त्या दाद देणाऱ्या सभेची अधिक चीड येते.

येथे एक आधुनिक प्रयोग जोडून सांगतो. मिल्ग्रॅम या मानसशास्त्रज्ञाने १९६१ मध्ये येल विद्यापीठात प्रयोग सुरू केले. उत्तर चुकवणाऱ्या माणसाला वाढत्या दाबाचा विजेचा झटका द्या, असे सामान्य माणसांना सांगितले जात असे. झटके खोटे होते, पण देणाऱ्यांना ते खरे वाटत. प्रसिद्ध झालेल्या पहिल्या अहवालात ४० पैकी २६ जण ४५० व्होल्टच्या शेवटच्या कळीपर्यंत गेले. एवढे ऐकून हॉब्जचेच खरे, असे म्हणण्याचा मोह होतो. परंतु पुढच्या एका प्रयोगात शेजारी बसवलेल्या दोघांनी एकामागोमाग एक नकार दिला, तेव्हा ४० पैकी फक्त ४ जण शेवटपर्यंत गेले. स्वभाव तोच होता. शेजारी कोणीतरी ‘नाही’ म्हटल्याबरोबर इतरांनाही तसे म्हणता आले. गप्प बसणाऱ्याला दुष्टांत घालू नये, हे बरोबर आहे, पण आपल्या गप्प बसण्याने आणखी किती जण गप्प राहतात, याचा हिशेब त्याने करायला हवा. मुलांना हे समजेल.

विकर्णाची गोष्ट मात्र तेथे थांबवू नका. सभेत एकटा बोललेला तो युद्धात दुर्योधनाच्याच बाजूने उभा राहिला आणि भीमाच्या हातून मारला गेला. त्याच्यासाठी भीमालाही हळहळ वाटली. त्याचाच सावत्र भाऊ युयुत्सू युद्धाच्या तोंडावर दोन्ही सैन्यांच्या देखत पांडवांकडे निघून गेला. एकाने सभेत सत्य सांगितले आणि घराची बाजू सोडली नाही, दुसऱ्याने घर सोडले. यांतला अधिक धीट कोण, यावर मुलांना खुशाल भांडू द्या.

पाली अभ्यासक, इंदोरा

येथवरच्या चर्चेत वाईट माणूस बदलतो, ही शक्यता आलेली नाही. डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या ‘बुद्ध आणि त्यांचा धम्म’ या ग्रंथात अंगुलिमालाच्या परिवर्तनाची कथा आहे. आमच्याकडे वर्षावासात, म्हणजे पावसाळ्याच्या तीन महिन्यांत, विहारांतून या ग्रंथाचे वाचन होते, त्यामुळे गटातल्या काही मुलांनी ती ऐकलेली असेल. बळी घेतलेल्यांच्या बोटांची माळ घालणारा दरोडेखोर भिक्खू होतो, येथे कथा संपली असे बहुतेक जण समजतात.

मज्झिमनिकाय या पाली त्रिपिटकातल्या ग्रंथात पुढचा भाग आहे. पाचशे घोडेस्वार घेऊन अंगुलिमालाला पकडायला निघालेला राजा प्रसेनजित बुद्धांकडे येतो. समोर बसलेला भिक्खू हाच अंगुलिमाल, हे कळताच राजाच्या अंगावर काटा येतो. त्यानंतर अंगुलिमाल श्रावस्तीत भिक्षेला जातो तेव्हा त्याच्यावर ढेकळे, काठ्या आणि खापऱ्या येऊन पडतात. डोके फुटलेले, भिक्षापात्र मोडलेले, चीवर फाटलेले, अशा अवस्थेत तो परत येतो आणि बुद्ध त्याला हे सहन करायला सांगतात. ज्याच्या एकट्यापुढे माणसांच्या टोळ्यांचेही काही चालत नसे, तो हात उचलत नाही. अंगुलिमालाच्या सगळ्या आयुष्यात मला शौर्य दिसते ते त्या परतीच्या वाटेवर.

इतवारीकर

आपले लेखन वाचून फार समाधान वाटले. एक गोष्ट विचारतो. ढेकळे मारणाऱ्यांपैकी कोणाचा बाप, कोणाचा मुलगा त्या जंगलात मारला गेला असेल. मग कथेच्या हिशेबी ते दुष्ट ठरतात काय?

पाली अभ्यासक, इंदोरा

नाही. सुत्तात, म्हणजे मज्झिमनिकायातल्या त्या कथेत, त्यांना कोठेही दुष्ट म्हटलेले नाही आणि त्यांना शिक्षाही झालेली नाही. बुद्ध अंगुलिमालाला जे सांगतात ते त्याच्याच कर्माविषयी, की ज्याचे फळ दीर्घकाळ भोगावे लागले असते ते तू येथेच भोगत आहेस. लोकांनी त्याला क्षमा करावी, अशी अट त्याच्या परिवर्तनाला नाही आणि त्यांनी क्षमा केली, असेही सुत्त सांगत नाही. मुलांसमोर ही कथा ठेवाल तेव्हा श्रावस्तीच्या त्या लोकांची बाजूही गटातल्या कोणालातरी मांडायला द्यावी, कारण ते काम अंगुलिमालाची बाजू मांडण्यापेक्षा अवघड आहे.